तारेत खरखर

सोमवार, २ फेब्रुवारी १९३१

पहिल्याच दिवशी कुणीतरी पाव खाल्ला!

दुसऱ्या टेकला टेबलावरच्या पावाचे तीन काप पाडलेले होते, सुरी डावीकडे. चौथ्या टेकला पाव अर्ध्यावर. सुरी जागच्या जागी. मी वहीत पावाचं चित्र काढून ठेवते म्हणून कळलं, नाहीतर पडद्यावर तो पाव आपोआप लहानमोठा होत राहिला असता. ड्रूसाहेब म्हणाले, "मर्टल, तुझ्या नजरेतून मुंगीसुद्धा सुटत नाही." सुटत नाहीच. बाकी सगळे पुढे बघतात. मागच्या टेकला काय होतं ते बघायला मला ठेवलंय.

तर चित्राला आज सुरुवात झाली. हॉलिस ड्रूंचा हा दुसरा बोलपट. मुक्या चित्रांच्या काळात त्यांच्या नावावर थेटरं भरायची. पहिल्या बोलपटाला मात्र लोक हसले – नको तिथे हसले. म्हणून साहेब या वेळी जिद्दीला पेटलेत. विषय शहरातली गरिबी. स्टुडिओत न्यूयॉर्कची अख्खी गल्ली उभी केली आहे – चार मजले, लोखंडी जिने, खिडकीपासून खिडकीपर्यंत कपडे वाळत घालायच्या दोऱ्या. "मला नट नकोत, माणसं हवीत," म्हणून चाळीस एक्स्ट्रा आणले ते खरोखरच फाटके. कपडेपटाला कामच उरलं नाही. एक बाई शूटिंग म्हणून आपला ठेवणीतला झगा घालून आली होती. तिला घरी पाठवलं, रोजचा घालून ये म्हणून.

पाव कुणी खाल्ला ते शोधून काढणार आहे.

मंगळवार, ३ फेब्रुवारी

शोधायची गरज नाही. गॅफ्नीने आज सेटवरच्या सगळ्या खाण्यावर रॉकेल मारायला लावलं. पाव, बटाटे, पातेल्यातला कोबीसुद्धा. सामानवाल्याने पिचकारी मारली आणि खिडकीकडे तोंड करून उभा राहिला. साहेबांनी नाक मुरडलं, पण बोलले नाहीत. सेटवर साहेब राजे असले तरी खर्चावर राज्य गॅफ्नीचं, आणि गॅफ्नी वरच्या ऑफिसचा.

मलाही त्याने बाजूला घेतलं. "मिस ओस्टबी, तुमच्या तक्त्यात कालच्या सहाव्या टेकपुढे लिहिलंय – रद्द, आवाज झाला. कुणाचा आवाज? कसला? असं मोघम नको."

बरोबर बोलला. मला मोघम आवडत नाही. वडील नेब्रास्कात धान्याच्या काट्यावर होते. वजन बरोबर आलं तरी ते काट्याखाली वाकून बघायचे, कुणी बोट लावलंय का ते. त्यांचीच मी मुलगी. टेकचा नंबर, ठेवला की रद्द, रद्द तर का – आजपासून नावानिशी. संध्याकाळी सात वाजता तक्ता वर जातो. एक खाडाखोड नाही त्यात.

बुधवार, ४ फेब्रुवारी

हॅनाफीबाई खूष. तिसऱ्या मजल्यावरच्या खिडकीत उशी ठेवून तिच्यावर कोपरं टेकायची आणि दिवसभर गल्लीकडे बघायचं, एवढंच काम! "अगं, हे तर मी आयुष्यभर फुकट केलंय," म्हणाली.

आमच्या बोर्डिंगात माझ्या समोरच्या खोलीत राहते. आयरिश, विधवा, वय कधी त्रेसष्ट सांगते कधी एकोणसत्तर. खोलीत स्वयंपाकाला बंदी आहे म्हणून इस्त्री उलटी धरून दोन पुस्तकांमध्ये अडकवते आणि तिच्यावर कॉफी गरम करते. घरमालकिणीला वाटतं बाई फार टापटिपीची, रोज इस्त्री करते. साहेबांना हिचं नाव मीच सुचवलं. ही गल्ली तिला तीन आठवडे तरी पुरावी. हे काम सुटलं तर काउंटीचा सरकारी गरीबखाना, दुसरं कुणी नाही तिला. मरणाला भीत नाही इतकी त्या जागेला भिते. "तिथे गेलेलं माणूस परत येत नाही, आणि तिथे बायकांच्या वॉर्डाला खिडक्या उंचावर आहेत," असं तिला कुणीतरी सांगितलंय.

गुरुवार, ५ फेब्रुवारी

आज गंमत म्हणावी की काय म्हणावी.

जेवणाचा प्रसंग. बाप कामावरून काढला गेलाय, घरच्यांना सांगत नाही, सगळे मुकाट जेवतात. साहेबांना शांतता हवी होती. कॅमेऱ्याची घरघर दबावी म्हणून त्यावर रजया गुंडाळल्या, दारं लावली, आत दिव्यांचा उकाडा नुसता. आणि ऐन शांततेत काचेच्या खोलीतून एबर्लीने हात वर केला. एबर्ली आवाज धरतो. कानांवर ते चकत्यांचं लचांड लावून वर एकटाच बसलेला असतो.

"पोट," तो म्हणाला.

"काय पोट?" साहेब.

"कुणाचं तरी पोट वाजलं. माइकमध्ये आलं."

चार टेक गेले तसे! माइक टेबलावरच्या फुलदाणीत लपवलेला. दारातला म्हातारा त्याच्या सगळ्यात जवळ. पाव्हलिक त्याचं नाव, स्लोव्हाक, खाणीत होता पूर्वी. तो लाजून लाल झाला. "बाई, मी धरून ठेवतो पण ते ऐकत नाही," मला म्हणाला – मी काय करणार त्याला! मग पुटपुटला, "समोर पाव ठेवायचा आणि त्यावर रॉकेल ओतायचं. कुत्र्याला पण असं करत नाहीत."

एबर्लीने काचेमागून त्याच्याकडे बघितलं. पुटपुटलेलं सगळं ऐकू गेलं असणार त्याला.

शुक्रवार, ६ फेब्रुवारी

पाव्हलिक आला नाही. त्याच्या जागी दुसरा म्हातारा, तशीच दाढी. मी टोपीतला फरक दाखवला. साहेब म्हणाले, "चालेल, अंधारात आहे."

आजारी पडला असेल.

मंगळवार, १० फेब्रुवारी

आजारी नाही. हॅनाफीबाईला बसथांब्यावर भेटला. रोज संध्याकाळी सगळे एक्स्ट्रा कास्टिंगच्या ऑफिसला फोन करतात, आपलं नाव सांगतात, आणि पलीकडची मुलगी "उद्या या" म्हणते किंवा "काम नाही." पाव्हलिकला चार दिवस "काम नाही." गल्लीचं काम अजून महिनाभर चालणार आहे हे काय त्याला ठाऊक नाही? दुसऱ्या कुठल्या चित्रालाही बोलावत नाहीत. नुसतं नाही म्हणत नाहीत, ती मुलगी नाव ऐकल्यावर पुढचं ऐकूनही घेत नाही.

पोट वाजलं हा काही गुन्हा नव्हे. ते पुटपुटणं भोवलं त्याला. मनात पाल चुकचुकते आहे.

साहेबांनी मात्र आज सगळ्या एक्स्ट्रांना शूटिंगआधी वाटीभर सूप द्यायला लावलं. दिवसभर एकही पोट वाजलं नाही. एबर्लीने वरून अंगठा दाखवला.

शुक्रवार, १३ फेब्रुवारी

सूप बंद. गॅफ्नी म्हणाला, आज सूप द्याल, उद्या टेबलं मागतील.

शिवाय आणखी दोघं गायब. एक तो, ज्याचे बूट जिन्यावर करकरले होते, आणि एक काळी शाल घेतलेली बाई, जिला काल शिंक आली होती. शिंक आल्यावर ती शेजारणीला म्हणाली होती, "इथे थंडीने मरायचं आणि तेही आवाज न करता." मी जवळच होते, मी ऐकलं. मी कुणाला सांगितलं नाही. मग कुणी सांगितलं?

बूटवाला काय बोलला होता ते आठवत नाही. काहीतरी बोलला असणारच.

शनिवार, १४ फेब्रुवारी

आज दिवसभर एबर्लीवर नजर ठेवली. लिहून ठेवते.

एक. टेक संपला तरी तो कानांवरचं काढत नाही. माइक चालूच असतात, म्हणजे मधल्या वेळात कोण काय बोलतं ते सगळं त्याला ऐकू जातं. फुलदाणीतलं, दिव्याच्या छत्रीतलं, जिन्याखालचं.

दोन. त्याचाही तक्ता असतो, आवाजाचा. तो मला कधी दाखवत नाही. लिहिताना कोपर आडवं ठेवतो, शाळेतल्या पोरासारखं. माझा तक्ता मी कुणापुढेही उघडा ठेवते.

तीन. सात वाजता तो स्वतः तक्ता घेऊन वर जातो. माझा तक्ता शिपाई नेतो, मग याला स्वतः जायची काय गरज?

चार. कुणाशी बोलत नाही. जर्मन आहे, बोलण्यात अजून थोडं अडखळतो, पण ते काही कारण नव्हे. साळसूदपणा वेगळा कळतो.

इथे पाणी मुरतंय. एक्स्ट्रांनासुद्धा वास लागलाय, आज ते सेटवर हातवाऱ्यांनी बोलत होते. साहेबांना वाटलं तालीम चाललीय. "वा! हे ठेवा!" म्हणाले.

मंगळवार, १७ फेब्रुवारी

एबर्ली हॅनाफीबाईला पेपरमिंट देतो!

तिनेच सांगितलं, कॉफी पिता पिता. "भला माणूस आहे गं. जिना चढून वर आला, कागदाची पुडी दिली, म्हणाला दाढेखाली धरून ठेवा."

"का पण?"

"मला खोकला आहे ना थोडा."

"त्याला काय करायचंय तुमच्या खोकल्याशी?"

"मर्टल, तुला कुणी फूल दिलं तरी तू देठ मोडून आत बघशील." हसली, आणि हसता हसता खोकली. बराच वेळ. खोकला 'थोडा' नाही तो.

मी तिला सांगून ठेवलं – त्याच्यापुढे काही बोलायचं नाही. पगाराचं नाही, रॉकेलचं नाही, गॅफ्नीचं तर नाहीच. गोड देऊन बोलतं करायची ही जुनी रीत आहे. ती म्हणाली, बरं. पण पेपरमिंट चघळतच होती.

बुधवार, १८ फेब्रुवारी

पाऊस. छपरावर आवाज, दिवसभर एकही टेक नाही. सगळे पत्ते खेळले. एबर्ली एकटाच वर.

शुक्रवार, २० फेब्रुवारी

पकडला!

दुपारच्या सुट्टीत कॅन्टीनमध्ये माझ्या टेबलाशी आला. हातात कॉफी, बस म्हणायच्या आधीच बसला. इकडे तिकडे बघून म्हणाला, "मिस ओस्टबी, एक विचारायचं होतं. टेक आवाजाने रद्द होतो तेव्हा तुमच्या तक्त्यात तुम्ही काय लिहिता?"

"जे झालं ते."

"'तारेत खरखर' एवढंच लिहिलंत तर नाही का चालणार?"

मला आधी कळेचना. मग डोक्यात प्रकाश पडला. याची यंत्रं बिघडलेली आहेत, आणि ते झाकायला... पण नाही, मग त्याने उलट सांगितलं असतं, खरखर झाली तर माणसाचं नाव लिहा म्हणून. काहीतरी दोन्हीकडचं चाललंय त्याचं. म्हटलं, "खरखर झाली नसेल तरी?"

"खरखर कधीही होऊ शकते. तार जुनी आहे. कुणाला शिक्षा होत नाही तारेला. नावं कशाला..."

तेवढ्यात गॅफ्नी आत आला आणि हा एकदम गप्प! कॉफीत साखर ढवळत बसला, आधीच ढवळून झालेली असताना. मी ताट उचललं. जाता जाता म्हटलं, "एबर्ली, माझ्या तक्त्यात मी खोटं लिहीत नाही." तो काहीतरी म्हणाला, "ऐका तरी" असं काहीसं. मी ऐकायला थांबले नाही.

शनिवार, २१ फेब्रुवारी

आजचा प्रसंग चित्राचा जीव आहे. घरमालक त्या कुटुंबाचं सामान रस्त्यावर काढतो. खाट, आरसा, पाळणा. कुणी काही बोलत नाही, सगळी गल्ली खिडक्यांतून नुसती बघते. संवाद एकही नाही. साहेब म्हणाले, "बोलपटात मी गप्प बसून दाखवतो."

पहिला टेक, हॅनाफीबाई खोकली. दुसरा, पुन्हा. तिसऱ्याला मी खालून बघत होते, ओठ घट्ट मिटलेले, डोळ्यांतून पाणी चाललेलं, गालात ती पेपरमिंटची गोळी. पार शेवटपर्यंत दम धरला बिचारीने, आणि शेवटी दोनदा, बारीक. चौथ्याला तेच. एबर्ली हात वर करीना. गॅफ्नीनेच खालून ओरडून विचारलं, "आलं का ते?" मग त्याने हळूच मान हलवली.

साहेब म्हणाले, "चौथा रद्द लिही, पण फिल्म फेकू नका." मग तिला खिडकीतून मागे घेतलं आणि पाचव्या टेकला खिडकी रिकामी. पाचवा ठेवला. आरसा चौथ्या टेकला दोन इंच डावीकडे सरकला होता, पाचव्याला मी सांगितलं म्हणून सरळ केला. तक्ता नेहमीसारखा पूर्ण करून दिला.

 बसमधून उतरताना ती म्हणाली, "मी प्रयत्न केला गं."

सोमवार, २३ फेब्रुवारी

"काम नाही."

परवा संध्याकाळी फोन केला तेव्हाही हेच, पण वाटलं दुसऱ्या दिवशी रविवार म्हणून असेल. आज बोर्डिंगच्या बोळात फोनपाशी मी तिच्या शेजारी उभी होते. तिने नाव सांगितलं, एक एक अक्षर सुटं करून, आणि पलीकडून लगेच खट्. तिने रिसीव्हर जागेवर ठेवला, पदरासारखी शाल सावरली, म्हणाली, "लाइन कटली वाटतं." पुन्हा नंबर फिरवला. पुन्हा तेच. तिसऱ्यांदा मी तिचा हात धरला.

ती काहीही वाकडं बोललेली नव्हती! मी बजावून ठेवलं होतं आणि ती बोललेली नव्हती. म्हणजे त्या माणसाला बोलण्याचीही गरज लागत नाही आता. स्वतःहून पेपरमिंट देऊन आला, खोकला किती आहे ते नीट बघून गेला, आणि वर जाऊन सांगितलं. मला इतका संताप आलाय की टाक कागदात घुसतोय.

मंगळवार, २४ फेब्रुवारी

साहेबांकडे गेले. सरळ सांगितलं – एबर्ली एक्स्ट्रांच्या चहाड्या वर करतो. चार माणसं गेली त्याच्यामुळे.

साहेब पटकथा चाळत होते. "चार माणसं? मला नवे चेहरे दिसले खरे. गॅफ्नी बदलतो म्हणालेला, ताजेपणासाठी." मग, "मर्टल, याला पुरावा?"

"त्याने मला तक्त्यात खोटं लिहायला सांगितलं. 'तारेत खरखर' म्हणून. खरखर नसताना."

आता साहेबांनी मान वर केली. "असं म्हणाला तो?" कपाळाला आठ्या. आवाजाने त्यांचं एक चित्र बुडवलंय, आवाजातलं खोटं त्यांना सहन व्हायचं नाही हे मला माहीत होतं. गॅफ्नीला बोलावून घेतलं आणि माझ्यासमोर सांगितलं, "दोन्ही तक्ते शेजारी ठेवून बघ."

बघा म्हणावं. माझा तक्ता कुठेही ठेवा.

बुधवार, २५ फेब्रुवारी

एबर्ली गेला. सकाळी काचेच्या खोलीत दुसराच, टेक्ससचा, मोठ्याने हसणारा.

सामान न्यायला दुपारी आला होता. एक डबा, एक कोट, कानांवरचं ते लचांड. माझ्याजवळ थांबला. मला वाटलं, आता शिव्या देणार. कोटाच्या खिशातून पुडी काढली, माझ्या वहीवर ठेवली. "खिडकीतल्या बाईंना द्या." बस्स, एवढंच. डोळ्याला डोळा भिडवला त्याने, रागाने नाही. त्या नजरेचं काय करायचं ते मला कळलं नाही, म्हणून मी वहीत बघितलं.

पुडी फेकून देणार होते. शेवटी हॅनाफीबाईला दिली.

शनिवार, २८ फेब्रुवारी

अजून "काम नाही." कमाल आहे. चहाडखोर गेला तरी त्याने केलेली घाण राहिलीच. काल नवीन मुलगी चौथ्या मजल्यावर उचकी लागून खिदळली, आज तीही नाही. म्हणजे टेक्ससवालाही त्यातलाच? वरचं ऑफिस एकाला काढून दुसरा तसलाच बसवतं. कुणावर विश्वास ठेवायचा माणसाने.

गॅफ्नीला हॅनाफीबाईबद्दल विचारलं. काखा वर केल्या. "कास्टिंगचं मला काय माहीत? मी फक्त कागद वर पाठवतो."

शनिवार, ७ मार्च

आज हॅनाफीबाई गेली. काउंटीची गाडी दहाला यायची होती, साडेअकराला आली. दीड तास ती टोपी घालून पायरीवर बसली होती. मी रजा घेतली होती, पहिल्यांदा.

माझी चामड्याची बॅग दिली तिला. ती नको म्हणत होती, "तिथे चोरतील." जपमाळ, दोन झगे, मेलेल्या नवऱ्याचा फोटो. इस्त्री मला दिली. "तिथे कॉफी तयार देतात म्हणे," म्हणाली. "तू करत जा हिच्यावर. मालकिणीला संशय यायला नको, मधूनमधून खरंच कपडे पण इस्त्री कर." मला हसूही आलं आणि रडूही आलं, दोन्ही एकदम, तोंड कसं दिसलं असेल कोण जाणे.

गाडीत बसताना म्हणाली, "त्या जर्मनाचं काय झालं गं?"

"काढला त्याला."

"अरेरे," म्हणाली. "का बरं?"

मी बॅग आत सरकवली. गाडी निघाल्यावर सांगायचं आठवलं की त्यानेच तिचा घात केला. बरंच झालं आधी आठवलं नाही ते. तिने ऐकलंच नसतं.

शनिवार, १४ मार्च

गल्ली संपली. सुतार ती पाडताहेत. साहेबांनी माझा हात हातात घेऊन सगळ्यांसमोर म्हटलं, "ही नसती तर माझ्या गरिबांच्या टेबलावर पाव वाढत गेला असता." सगळे हसले. मीही.

रविवार, २२ मार्च

हॅनाफीबाईचं पत्र. खिडक्या खरंच उंचावर आहेत. बाकी जेवण बरं. खोकला "थोडा".

गुरुवार, ९ एप्रिल

संध्याकाळी गावाबाहेरच्या एका थेटरात चित्र गुपचूप दाखवलं, लोक काय म्हणतात ते बघायला. मी साहेबांच्या मागे, वही घेऊन.

लोक हसले नाहीत. सामान रस्त्यावर काढतात तो प्रसंग आला आणि मी सावध झाले, आरसा डावीकडे! साहेबांनी मला न सांगता चौथा टेक घातला होता. तिसऱ्या मजल्यावर हॅनाफीबाई, उशीवर कोपरं, ओठ मिटलेले. गल्ली गप्प, थेटर गप्प. आणि मग तो खोकला. दोनदा, बारीक.

माझ्या पुढच्या रांगेतली बाई हमसून रडायला लागली. मग तिच्यापलीकडची. एक पुरुष टोपीत तोंड घालून बसला. अख्ख्या चित्रात एवढी कुठे माणसं हलली नाहीत. बाहेर आल्यावर साहेबांची सिगारेट पेटेना. "ऐकलंस? तोच आवाज हवा होता मला. पहिल्या दिवसापासून तोच हवा होता! कुणाचा होता तो?"

शुक्रवार, १० एप्रिल

साहेबांना शेवट बदलायचाय. चित्र त्याच खिडकीवर संपवायचं. ती खिडकी पुन्हा बांधायला घेतली आहे. "त्या म्हातारीला शोधून आण, मर्टल. तिच्या अटींवर."

शोधायचं काय त्यात! आज मी गात गात घरी आले. इस्त्रीवर कॉफी केली. रविवारी जाऊन तिला घेऊनच येते, काउंटीने काय सही मागायची ती मागू दे. फक्त उद्या वरच्या ऑफिसातून जुने तक्ते आणायचेत. उशी कुठल्या बाजूला होती, शाल कुठली होती, सगळं जुळवायला हवं.

शनिवार, ११ एप्रिल

वरच्या ऑफिसातल्या मुलीने सगळी फाइल दिली. माझे तक्ते आणि एबर्लीचे तक्ते, तारीखवार एकमेकांना टाचलेले.

त्याचा ५ फेब्रुवारी: चार टेक – तारेत खरखर. माझा: पाव्हलिक, पोट वाजलं. त्याचा १२ फेब्रुवारी: तारेत खरखर. माझा: काळी शाल, मिसेस डोरन, शिंक. त्याचा २१ फेब्रुवारी, चारही टेक: तारेत खरखर, तारेत खरखर, तारेत खरखर, तारेत खरखर. माझा: ब्रिजिड हॅनाफी, खोकला. चार वेळा.

माझ्या तक्त्यांत प्रत्येक नावाखाली लाल पेन्सिलीची रेघ आहे, आणि समासात कास्टिंगच्या ऑफिसचा शिक्का – "पुन्हा बोलावू नये." एबर्लीच्या शेवटच्या कागदावर गॅफ्नीची चिठ्ठी: यंत्र तपासलं, दोष नाही. मिस ओस्टबींच्या नोंदींशी जुळत नाही. कमी केलं.

पन्नासच्या वर कागद आहेत. अक्षर माझंच. कुठेही खाडाखोड नाही.